कांटने ईश्वराला मागच्या दाराने आत घेतले का?

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे: इमॅन्युएल कांटने ईश्वराच्या अस्तित्वाचे सगळे पुरावे आधी मोडीत काढले आणि नंतर नीतीचे निमित्त करून त्याच ईश्वराला मागच्या दाराने आत घेतले, असे आपण अनेक ठिकाणी वाचले आहे, तेव्हा ज्ञानोदयाचा सर्वांत मोठा तत्त्वज्ञ ऐन वेळी कचरला असे समजायचे का, आणि त्याची 'नैतिक श्रद्धा' ही शेवटी श्रद्धाच असेल तर ती इतर श्रद्धांहून वेगळी कशी ठरते? तत्त्वज्ञान शिकवण्यात माझी तीस वर्षे गेली आणि जवळजवळ दरवर्षी हाच प्रश्न याच शब्दांत वर्गात आला. माझे उत्तर 'नाही' असे आहे. परंतु त्या 'नाही'ला अर्थ यायचा असेल तर कांट नेमके काय म्हणतो, कोणत्या क्रमाने म्हणतो आणि ते म्हणण्यासाठी त्याला काय सोसावे लागले, हे सावकाश पाहावे लागेल.

प्रथम शब्दाविषयी थोडेसे. मराठीत 'प्रबोधन' हा शब्द पंधराव्या-सोळाव्या शतकातील पुनरुज्जीवनासाठीही वापरतात आणि अठराव्या शतकातील वैचारिक चळवळीसाठीही. म्हणून मी इथे दुसरीसाठी 'ज्ञानोदय' हा शब्द वापरतो. अहमदनगरच्या अमेरिकन मिशनने १८४२ मध्ये काढलेल्या नियतकालिकाचे नावही 'ज्ञानोदय'च होते, आणि त्यातला उदय ख्रिस्ती धर्मज्ञानाचाही होता. हा शब्द आपल्याकडे धर्माच्या विरोधात जन्मला नाही, हे लक्षात ठेवलेले बरे, कारण युरोपातही ज्ञानोदय म्हणजे धर्माशी उघड वैर असे सरसकट नव्हते. पॅरिसमधल्या बॅरन दॉल्बाक या विचारवंताने १७७० मध्ये निखळ निरीश्वरवादी ग्रंथ प्रसिद्ध केला हे खरे. पण चर्चवर आयुष्यभर आसूड ओढणाऱ्या व्हॉल्तेरने फर्ने येथे स्वतःच्या खर्चाने देऊळ बांधून त्यावर 'हे व्हॉल्तेरने ईश्वरासाठी उभारले' अशा अर्थाची लॅटिन अक्षरे कोरविली, हेही तितकेच खरे आहे. जर्मन ज्ञानोदय तर बराचसा पाद्र्यांच्या घरांत, प्राध्यापकांच्या खोल्यांत आणि धर्मशास्त्राच्या विद्याशाखांतच वाढला.

ज्ञानोदयाला खरा टोचणारा प्रश्न 'ईश्वर आहे की नाही' हा नव्हता. 'ईश्वराला न मानणारा माणूस सज्जन असू शकतो का' हा होता. पिएर बेल या फ्रेंच विचारवंताने १६८२ मध्येच असा युक्तिवाद केला होता की निरीश्वरवाद्यांचाही समाज नीट चालू शकेल. या प्रश्नाची धग किती होती, हे प्रशिया या जर्मन राज्यातल्या हाल विद्यापीठातील एका प्रसंगावरून कळते. ख्रिस्तियान वोल्फ या प्राध्यापकाने जुलै १७२१ मध्ये चिनी लोकांच्या व्यावहारिक तत्त्वज्ञानावर जाहीर व्याख्यान दिले आणि त्यात असे प्रतिपादन केले की कन्फ्यूशियससारखी माणसे कोणत्याही ईश्वरी साक्षात्काराच्या आधाराशिवाय, केवळ नैसर्गिक बुद्धीच्या बळावर उच्च नीतीपर्यंत पोहोचली. हालमधील पाएटिस्ट या भक्तिपंथाचे धर्मशास्त्रज्ञ खवळले, प्रकरण राजा फ्रीडरिख विल्हेल्म पहिला याच्यापर्यंत गेले, आणि नोव्हेंबर १७२३ मध्ये राजाज्ञा निघाली: अठ्ठेचाळीस तासांत प्रशियाची हद्द सोडावी, नाही तर फास. वोल्फ परत आला तो १७४० मध्ये, नवा राजा गादीवर बसल्यावर. नीती आणि ईश्वर यांची गाठ सैल करणे हा त्या काळी वाचनालयातला वाद नव्हता, जिवाशी खेळ होता. कांट जन्मला तो त्या राजाज्ञेनंतर अवघ्या पाच महिन्यांनी, २२ एप्रिल १७२४ रोजी, त्याच राज्याच्या पूर्व टोकाला, क्योनिग्सबर्ग येथे.

त्याचे घरही पाएटिस्टांचेच होते. पाएटिझम ही ल्यूथरपंथातली भक्तीची चळवळ होती. कर्मकांड आणि धर्मशास्त्रातले वाद यांपेक्षा अंतःकरणाची शुद्धी आणि रोजचे आचरण यांवर तिचा भर असे. त्याचे वडील घोड्याचा साज, लगाम आणि पट्टे बनवणारे कारागीर होते. त्यांच्या धंद्यात खोगीर बनवणाऱ्यांनी हात घातला तेव्हा दोन्ही कारागीर-संघांत भांडण पेटले आणि घराचे नुकसान झाले. तरीही आईवडील प्रतिपक्षाविषयी घरात इतक्या समजुतीने बोलत की ती आठवण आपल्याला कधीच विसरता आली नाही, असे कांटने पुढे सांगितल्याचे त्याच्या परिचितांनी नोंदवून ठेवले आहे. आई १७३७ मध्ये गेली, तेव्हा तो तेरा वर्षांचा होता. ज्या शाळेत तो आठ वर्षे शिकला ती मात्र त्याच पंथाची कडक शिस्तीची शाळा होती, आणि तिथल्या सक्तीच्या प्रार्थना व भावनांची तपासणी यांचा त्याला कायमचा तिटकारा बसला. घरातली शांत सचोटी त्याने ठेवली आणि शाळेतली भक्तीची सक्ती टाकली. पुढे विद्यापीठाचा रेक्टर म्हणून त्याला प्राध्यापकांच्या मिरवणुकीपुढे चालत कॅथेड्रलपर्यंत जावे लागे. तो दारापर्यंत जाई आणि आत न जाता बाजूने निघून जाई, असे त्याचे समकालीन सांगतात.

आता मूळ आक्षेपाकडे येऊ. 'मागचे दार' ही कल्पना लोकांच्या मनात रुजवली ती मुख्यतः हाइन्रिख हाइने या कवीने. १८३४-३५ च्या सुमारास त्याने जर्मनीतील धर्म आणि तत्त्वज्ञान यांवर लिहिताना एक मोठा रंगतदार प्रसंग उभा केला. कांटने स्वर्गावर हल्ला करून सगळी शिबंदी कापून काढली आहे, ईश्वराचे पुरावे धारातीर्थी पडले आहेत, आणि कांटचा म्हातारा नोकर मार्टिन लांपे काखेत छत्री घेऊन डोळ्यांत पाणी आणून उभा आहे. तेव्हा कांटला दया येते आणि तो ठरवतो की म्हाताऱ्या लांपेला देव हवाच, मग व्यावहारिक बुद्धीनेच तो द्यावा. चित्र इतके जिवंत आहे की जवळजवळ दोनशे वर्षे ते पुसले गेलेले नाही. पण त्यातला क्रमच चुकीचा आहे. पुरावे मोडणारे प्रकरण आणि नैतिक श्रद्धेचे प्रकरण ही दोन वेगवेगळ्या काळांतली नाहीत. ती १७८१ च्या 'शुद्ध बुद्धीची चिकित्सा' या एकाच ग्रंथाच्या एकाच आवृत्तीत आहेत. नैतिक श्रद्धा ही नंतर आलेली उपरती नव्हती. घर बांधताना काढलेल्या आराखड्यातच ते दार होते, आणि ते समोरच्या भिंतीत होते.

त्या ग्रंथात पुरावे कसे मोडले आहेत ते एका उदाहरणावरून पाहू. ईश्वर ही सर्वांगपरिपूर्ण सत्ता आहे, अस्तित्व नसणे ही उणीव आहे, म्हणून परिपूर्ण सत्तेला अस्तित्व असलेच पाहिजे, असा एक जुना युक्तिवाद होता. कांट म्हणतो, शंभर थालरची कल्पना करा. खरे शंभर थालर आणि कल्पनेतले शंभर थालर यांच्या संकल्पनेत एका पैचाही फरक नाही, कारण फरक असता तर ती संकल्पना त्या रकमेची राहिलीच नसती. फरक पडतो तो माझ्या खिशात. अस्तित्व हा वस्तूचा आणखी एक गुण नाही, म्हणून संकल्पनेच्या पोटातून ते उकरून काढता येत नाही. हे उदाहरण ऐकून वर्गात मुले हसतात, तेव्हा मी त्यांना सांगतो की राजवाड्याच्या ग्रंथालयात १७६६ पासून साहाय्यक ग्रंथपाल म्हणून काम करताना या माणसाला वर्षाकाठी बासष्ट थालर मिळत होते. शंभर थालर खिशात असणे आणि नसणे यातला फरक त्याला चांगला ठाऊक होता. विश्वाला आदिकारण हवे, विश्वातली रचना रचनाकार सुचवते, हे उरलेले दोन मार्गही शेवटी याच युक्तिवादावर टेकतात, असे तो पुढे दाखवतो. रचनेच्या युक्तिवादाविषयी मात्र तो आदराने बोलतो, आणि तो आदर दिखाऊ नाही.

इथे अनेक वाचक थांबतात, आणि घोटाळा इथेच होतो. जी तलवार ईश्वराचे पुरावे तोडते तीच ईश्वराच्या अभावाचे पुरावेही तोडते. आपले ज्ञान अवकाश आणि काळ यांत जे अनुभवाला येते तेवढ्यापुरतेच चालते, असे एकदा ठरले की त्या कुंपणापलीकडे 'आहे' म्हणण्याचा अधिकार जसा धर्मशास्त्रज्ञाला उरत नाही, तसा 'नाही' म्हणण्याचा अधिकार जडवाद्यालाही उरत नाही. १७८७ च्या दुसऱ्या आवृत्तीच्या प्रस्तावनेतले, श्रद्धेला जागा करून देण्यासाठी मला ज्ञान दूर सारावे लागले, हे त्याचे प्रसिद्ध वाक्य याच अर्थाने वाचायचे असते. तो विज्ञानाला बाजूला सारत नाही. न्यूटनच्या भौतिकशास्त्राचा पाया घालून देण्यासाठीच तर त्या ग्रंथाची अर्धी पाने खर्ची पडली आहेत. तो बाजूला सारतो ते ईश्वर, आत्मा आणि स्वातंत्र्य यांच्याविषयीचे, दोन्ही बाजूंनी मिरवले जाणारे ज्ञान.

मग श्रद्धा म्हणजे काय? जर्मन भाषेत विश्वास आणि श्रद्धा या दोहोंना एकच शब्द आहे. मराठी वाचकाला 'श्रद्धा' म्हटले की लगेच 'अंधश्रद्धा' आठवते, आणि महाराष्ट्रात त्या दोहोंतील सीमारेषेवर इतके लिहिले व बोलले गेले आहे की ते स्वाभाविकच आहे. म्हणून कांटची व्याख्या नेमकेपणाने समजून घेणे इथे अधिकच जरूर आहे. एखादी गोष्ट खरी मानण्याच्या तो तीन पायऱ्या सांगतो. आपल्या मानण्याला स्वतःच्याही दृष्टीने पुरेसा आधार नाही आणि वस्तूच्या दृष्टीनेही नाही, ते मत. दोन्ही दृष्टींनी पुरेसा आधार आहे, ते ज्ञान. वस्तूच्या दृष्टीने पुरावा अपुरा आहे, पण ज्याला कृती करायची आहे त्याच्या दृष्टीने आधार पुरेसा आहे, ती श्रद्धा. त्याचे उदाहरण वैद्याचे आहे. रोगी अत्यवस्थ आहे, रोग कोणता ते वैद्याला ठाऊक नाही, पण हातावर हात ठेवून बसता येत नाही. तो लक्षणे पाहतो, त्याहून चांगले काही सुचत नाही म्हणून क्षय असल्याचे धरून चालतो आणि औषध देतो. दुसरा वैद्य आला तर कदाचित वेगळे निदान करील, हेही तो जाणतो. त्याच्या या मानण्याला कांट व्यवहारापुरती ('प्रॅग्मॅटिक') श्रद्धा म्हणतो, आणि ती किती पक्की आहे हे पाहायचे असेल तर पैज लावून पाहा, असा सल्ला देतो: एक डुकाट लावायला तयार असलेला माणूस दहा डुकाट म्हटल्यावर चाचरतो, आणि मग त्याला प्रथमच उमगते की आपली चूकही असू शकेल.

नैतिक श्रद्धा याच कुळातली आहे, पण तिथे पैज मागे घेता येत नाही, कारण वैद्याने जे उद्दिष्ट धरले ते प्रसंगाने आले होते, तर नीतीचे उद्दिष्ट कोणत्याही विवेकी माणसाला टाळता येत नाही. आणि इथे कांट एक अतिशय नाजूक भेद करतो, जो माझ्या मते या साऱ्या प्रकरणाची किल्ली आहे. ईश्वर आहे हे नैतिकदृष्ट्या निश्चित आहे, असे मी म्हणू नये. मला नैतिकदृष्ट्या खात्री आहे, एवढेच म्हणावे, असे तो बजावतो. हा भेद मराठीत समजावून सांगणे सोपे जाते, कारण 'निश्चित आहे' हे वाक्य कर्त्यावाचून उभे राहते, पण 'खात्री आहे' म्हटले की कोणाला, हा प्रश्न लगेच उभा राहतो. नैतिक श्रद्धेचे वाक्य 'मला'शिवाय पुरे होत नाही. म्हणूनच ते दुसऱ्यावर लादता येत नाही, त्यासाठी कोणाला शाळेतून काढता येत नाही, आणि वोल्फला दिली तशी फासाची धमकीही देता येत नाही.

ही खात्री येते कुठून? कर्तव्यापासून सुरुवात करायची, हे कांटच्या मांडणीचे पहिले आणि न हलणारे पाऊल. खोटे बोलू नये हे मला कळते, आणि ते कळण्यासाठी मला ईश्वराची गरज पडत नाही. पण नीती माझ्यापुढे केवळ नियम ठेवत नाही, एक ध्येयही ठेवते: असे जग, ज्यात सद्गुण आहे आणि सद्गुणी माणसाला त्याच्या योग्यतेइतके सुखही आहे. याला तो 'सर्वोच्च श्रेय' म्हणतो. त्यातला सद्गुणाचा भाग माझ्या हातात आहे. सुख त्याच्या मापाने जोडून देणे मात्र माझ्या हातात नाही, आणि निसर्गाच्या नियमांना सज्जन-दुर्जन हा भेदच कळत नाही. जे ध्येय धरणे माझे कर्तव्य आहे ते शक्य आहे असे मानल्याशिवाय मला ते मनापासून धरता येत नाही; आणि ते शक्य व्हायचे तर निसर्ग व नीती या दोहोंचा मिळून एक कर्ता असला पाहिजे. १७८८ च्या 'व्यावहारिक बुद्धीची चिकित्सा' या ग्रंथात ईश्वर अशा रीतीने गृहीतक म्हणून येतो. स्वातंत्र्य आणि आत्म्याचे अमरत्व ही त्याच्या जोडीची आणखी दोन गृहीतके.

या मांडणीवर त्याच्या हयातीतच एक धारदार आक्षेप आला. टोमास वित्सेनमान नावाच्या तरुण लेखकाने १७८७ मध्ये विचारले की गरज आहे म्हणून वस्तू आहे, हा कुठला न्याय? एखादा प्रेमवेडा माणूस स्वतःच्याच कल्पनेतल्या लावण्यावर भाळतो आणि असे लावण्य कुठेतरी असलेच पाहिजे असे ठरवून बसतो. नैतिक श्रद्धावान त्याहून वेगळा कसा? वित्सेनमान त्याच वर्षी अकाली वारला. कांटने १७८८ च्या ग्रंथात त्याचे नाव घेऊन, त्याच्या बुद्धीचा गौरव करून आणि त्याच्या मृत्यूची हळहळ व्यक्त करून उत्तर दिले, हे मला फार मोलाचे वाटते. उत्तर असे: गरज जेव्हा आवडीतून येते तेव्हा आक्षेप पूर्णपणे बरोबर आहे, तशी गरज, ज्याला ती आहे त्याच्यापलीकडे कोणालाही बांधत नाही. पण इथली गरज माझ्या आवडीतून आलेली नाही, सर्वांवर सारखाच बंधनकारक असलेल्या नियमातून ती आली आहे. प्रियकराला दुसरे मन रमवण्याचे साधन सापडू शकते. कर्तव्याला बदली मिळत नाही.

हे उत्तर पुरेसे आहे का? माझे प्रामाणिक मत असे आहे की ते अर्धेच पुरेसे आहे. सर्वोच्च श्रेयाच्या दिशेने झटणे हे माझे कर्तव्य आहे, एवढे मान्य केले तरी त्यावरून त्याची पूर्ण सिद्धी शक्य मानलीच पाहिजे असे निघत नाही. सगळे रोगी बरे होणार नाहीत हे ठाऊक असूनही वैद्य मनापासून उपचार करतोच. हा दुवा कच्चा आहे आणि तो झाकण्यात अर्थ नाही. पण त्यामुळे युक्तिवाद कोसळतो असे मला वाटत नाही. त्याची ताकद बदलते. ईश्वर मानलाच पाहिजे, हे त्यातून सिद्ध होत नाही. मात्र चांगुलपणाच्या बाजूने झटणाऱ्या माणसाने ईश्वराची आशा बाळगली तर तो बुद्धीशी बेइमानी करतो असे म्हणता येत नाही, एवढे निश्चित सिद्ध होते. कांटने बुद्धीपुढचे जे तीन प्रश्न मांडले त्यांतल्या तिसऱ्याचे शब्दही असेच आहेत: मला काय कळू शकते, मी काय करावे, आणि मी कशाची आशा धरू शकतो.

कांटचेही मत एका जागी खिळून राहिले नव्हते, आणि या बाबतीत आपल्याला एक खरी कबुली दिली पाहिजे. १७८१ मध्ये त्याने असेही लिहिले होते की ईश्वर आणि परलोक यांच्या आशेवाचून नीतीच्या उदात्त कल्पना कौतुकाचा विषय राहतील, कृतीची प्रेरणा होणार नाहीत. 'मागच्या दारा'चा आक्षेप कुठे थोडासा लागू पडत असेल तर तो या वाक्याला. पण १७८५ च्या नीतिमीमांसेपासून त्याने ही वाट सोडली. कर्तव्याची प्रेरणा नियमाविषयीचा आदर हीच. बक्षिसाची आशा तिच्यात मिसळली की कृतीचे नैतिक मोल गेले. म्हणजे आक्षेपक सांगतात त्याच्या नेमके उलट घडले. वय वाढले तसा कांट ईश्वराकडे झुकला नाही. ईश्वराला नीतीच्या पायातून त्याने अधिकाधिक बाहेर काढले आणि आशेच्या जागी नेऊन ठेवले.

याचा सर्वांत सुंदर दाखला १७९० च्या 'निर्णयशक्तीची चिकित्सा' या ग्रंथात आहे. कांट तिथे सतराव्या शतकातील डच तत्त्वज्ञ स्पिनोझा याच्यासारखा एक सत्शील माणूस कल्पितो, ज्याची ईश्वर नाही आणि परलोक नाही अशी पक्की समजूत आहे. हा माणूस कसलाही लाभ न इच्छिता चांगले करीत राहील, हे कांट निःशंकपणे मान्य करतो. बेलचा प्रश्न एका वाक्यात निकालात निघतो. पण या माणसाच्या भोवती फसवणूक, हिंसा आणि मत्सर आहेत. त्याला भेटणारी इतर सज्जन माणसेही दारिद्र्य, रोग आणि अकाली मृत्यू यांना जनावरांसारखीच बळी पडतात, आणि शेवटी एकच विशाल थडगे, सज्जन असोत वा दुर्जन, सगळ्यांना गिळून पुन्हा जडाच्या निरर्थक गोंधळात फेकून देते. ज्यांनी आपण सृष्टीचे अंतिम प्रयोजन आहोत असे मानले त्यांची ही गत. अशा माणसाला कर्तव्य सोडता येत नाही आणि ध्येयही धरवत नाही. या जागी त्याने काय मानावे, हा कांटचा प्रश्न आहे. हे पान मी वर्गात वाचून दाखवतो तेव्हा निरीश्वरवादी विद्यार्थीही गप्प होतात. त्यांना कोणी हरवलेले नसते, पण त्यांच्यातल्या उत्तम माणसाला इतक्या आदराने ओळखलेले पाहून ते थांबतात.

अशी श्रद्धा प्रत्यक्ष धर्माचे काय करते, हे १७९३ च्या 'केवळ बुद्धीच्या मर्यादेतील धर्म' या ग्रंथात दिसते, आणि तिथे कांट कोणाचीही भीड ठेवत नाही. चांगले आचरण सोडून ईश्वराला प्रसन्न करण्यासाठी माणूस जे काही करतो ते सारे धर्मभ्रम आणि ईश्वराची खोटी सेवा आहे, असे तो स्पष्ट लिहितो. कोणी नेमाने चर्चला जातो, कोणी लोरेतोची किंवा पॅलेस्टाइनची यात्रा करतो, कोणी ओठांनी प्रार्थना पुटपुटतो, तर कोणी तिबेटी माणसासारखा प्रार्थनेचे चक्र फिरवतो; हे आचरणाच्या जागी ठेवले की सगळ्यांची किंमत सारखीच. सायबेरियातल्या तुंगूस जमातीच्या शामानापासून (मांत्रिक-पुजाऱ्यापासून) युरोपातल्या राज्यकारभार करणाऱ्या बिशपापर्यंत पद्धतीत अंतर आहे, तत्त्वात नाही. यातून तो चर्च पाडा असे म्हणत नाही. माणसांना नीतीच्या वाटेवर एकमेकांची सोबत लागते, म्हणून दृश्य संघटना लागते. पण ती साधन आहे हे विसरले की पाद्री पुजारी होतो आणि श्रद्धावान आश्रित होतो. १७८४ च्या 'ज्ञानोदय म्हणजे काय?' या निबंधात, माझ्याऐवजी समजून घेणारे पुस्तक, माझ्याऐवजी सदसद्विवेक बाळगणारा धर्मोपदेशक आणि माझ्याऐवजी पथ्य ठरवणारा वैद्य असला की मला विचार करायची गरजच नाही, असे जे त्याने लिहिले होते त्याचाच हा विस्तार आहे.

याची किंमत मोजावी लागली. उदारमतवादी फ्रीडरिख दुसरा १७८६ मध्ये वारला होता. नव्या राजाचा मंत्री व्होल्नर याने जुलै १७८८ मध्ये धर्मविषयक फर्मान काढले आणि त्याच वर्षाच्या अखेरीस अभ्यवेक्षण (सेन्सॉरशिप) कडक झाले. कांटच्या या ग्रंथाचा पहिला भाग १७९२ मध्ये मासिकात छापून आला, दुसरा बर्लिनच्या परीक्षकांनी अडवला. तेव्हा कांटने येना येथील तत्त्वज्ञान विद्याशाखेची परवानगी मिळवून सबंध पुस्तकच छापले. १ ऑक्टोबर १७९४ ची राजाज्ञा सत्तर वर्षांच्या त्या म्हाताऱ्याच्या हाती पडली: आपण पवित्र ग्रंथातील मूलभूत शिकवणीचा विपर्यास केला आहे, पुन्हा असे घडल्यास अप्रिय परिणामांना तोंड द्यावे लागेल. कांटने पुस्तकाचे एक वाक्यही मागे घेतले नाही. महाराजांचा अत्यंत निष्ठावान प्रजाजन या नात्याने धर्मावर जाहीर लेखन व अध्यापन करणार नाही, एवढेच वचन त्याने दिले. नोव्हेंबर १७९७ मध्ये राजा वारला, आणि १७९८ मध्ये कांटने ती राजाज्ञा व आपले उत्तर दोन्ही छापून जाहीर केले की 'महाराजांचा प्रजाजन या नात्याने' हे शब्द आपण मुद्दाम निवडले होते. ते वचन त्या राजाच्या आयुष्यापुरतेच होते. काही विद्वानांना यात चलाखी दिसते. मला त्यात खोटे न बोलता गप्प राहण्याची सीमा शोधणारा, सत्याला जिवापाड जपणारा माणूस दिसतो.

आपल्या प्रश्नाचा दुसरा भाग, ही श्रद्धा इतर श्रद्धांहून वेगळी कशी, याचे उत्तर कांटने १७९१ च्या एका छोट्या निबंधात बायबलमधील ईयोबाच्या कथेतून दिले आहे. ईयोबाचे सर्वस्व गेले आहे, अंगावर फोड उठले आहेत, आणि मित्र येऊन सांगतात की ईश्वर न्यायी आहे, तेव्हा तू नक्की काही पाप केले असशील, कबूल कर. ते हे बोलतात तेव्हा जणू ईश्वर कान देऊन ऐकतो आहे आणि त्याची मर्जी राखायची आहे, असे बोलतात. ईयोब मात्र आपल्याला जे खरे वाटते तेच बोलतो: मी अपराध केलेला नाही, आणि हे का घडले ते मला समजत नाही. कथेच्या शेवटी ईश्वर कौल देतो तो ईयोबाच्या बाजूने. कांट म्हणतो, ईयोबाने आपली नीती श्रद्धेवर उभारली नव्हती, श्रद्धा नीतीवर उभारली होती. अशी श्रद्धा कितीही दुबळी असली तरी शुद्ध असते. मित्रांकडे पाठांतर भरपूर होते. ईयोबाकडे 'मला ठाऊक नाही' एवढेच होते.

आणि ते 'ठाऊक नाही' नाहीसे व्हावे, असे कांटला वाटतही नाही. १७८८ च्या ग्रंथात, गृहीतकांची चर्चा संपवताना, तो विचारतो: समजा, आपल्याला हवे होते ते ज्ञान मिळाले असते आणि ईश्वर आपल्या भयंकर वैभवासह अखंड डोळ्यांसमोर उभा असता, तर? नियमभंग टळला असता, आज्ञा पाळली गेली असती. पण बहुतेक कृत्ये भयापोटी, थोडी आशेपोटी, आणि कर्तव्य म्हणून एकही झाली नसती. माणसाचे वागणे कळसूत्री बाहुल्यांच्या खेळासारखे झाले असते: हातवारे सगळे अचूक, आणि आकृत्यांत जीव मात्र नाही.